चौकटीच्या कडेला उभी असलेली मुलगी: सापडलेल्या घरगुती रिळांवरच्या एका चित्रपटाचं प्रकरण

पार्श्वभूमी

पुण्यातली एक दिग्दर्शिका गेली बरीच वर्षं स्वतः जवळजवळ काहीच चित्रित न करता चित्रपट करते आहे. दुसऱ्या कुणीतरी, दुसऱ्याच कशासाठी तरी टिपलेलं फूटेज ती मिळवते, महिनोन्महिने पाहते आणि त्याची नव्याने जुळणी करते. लग्नाच्या कॅसेट, कारखान्यांचे प्रशिक्षणपट, सरकारी वार्तापटं, बंद पडलेल्या लॅबच्या रद्दीतले तुकडे, काहीही. ही वाट जुनी आहे. एस्फिर शुब या सोव्हिएत संकलिकेने १९२७ साली झारच्या घरच्या छायाचित्रकारांचं फूटेज वापरून झारशाहीच्या अस्तावर चित्रपट केला होता. राजघराण्याने हौसेने काढून घेतलेली दृश्यं तिने दुसऱ्या दृश्यांशेजारी ठेवली आणि त्यांचा अर्थ फिरला. हंगेरीतल्या पेटर फोरगाच यांनी १९८० च्या दशकापासून अनोळखी कुटुंबांच्या घरगुती फिल्म जमवून त्यांतून एका देशाचा खासगी इतिहास मांडला.

आपल्याकडे घरगुती फिल्मला कुणी फारसं दस्तऐवज मानत नाही. पुण्यात १९६४ साली सुरू झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा भर साहजिकच कथापटांवर राहिला. घरातली आठ मिलिमीटरची रिळं माळ्यावरच राहिली, आणि इमारत पुनर्विकासाला गेली की ती रद्दीवाल्याकडे जातात.

या प्रकरणातली रिळंही तशीच आली. जुन्या बाजारात दिग्दर्शिकेला पत्र्याची एक पेटी मिळाली. आत वीसेक रिळं, बहुतेक पिवळ्या डब्यांत. एका झाकणाच्या आत पेन्सिलीने ‘कोयना’ आणि ‘मे’ एवढंच लिहिलेलं. विक्रेत्याला पेटीचा पत्रा विकायचा होता, फिल्म त्याच्या दृष्टीने कचरा होती.

त्या रिळांमध्ये कोयना प्रकल्पावरच्या एका इंजिनियरचं घर होतं. वसाहतीतला बंगला, वाढदिवस, पावसात भिजणारी मुलं, जीपच्या बॉनेटवर बसवलेलं बाळ, धरणाच्या भिंतीवर उभे राहिलेले पाहुणे. शेवटच्या रिळात पडलेल्या भिंती आणि तंबू होते. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनानगरला झालेल्या भूकंपानंतरची ती दृश्यं. त्या भूकंपात दीडशेहून अधिक माणसं गेली आणि वसाहतीतली घरं जमीनदोस्त झाली.

या कामात फूटेजची नोंदणी आणि परवानग्या माझ्याकडे होत्या. संबंधितांची ओळख लागू नये म्हणून नावं दिलेली नाहीत आणि काही तपशील बदलले आहेत.

पहिला निर्णय: पाहायचं कसं

पेटी उघडली तेव्हा व्हिनेगरचा वास आला. अ‍ॅसिटेटवर बनलेली फिल्म उष्ण, दमट हवेत वर्षानुवर्षं पडून राहिली की तिच्यातून अ‍ॅसिटिक आम्ल सुटू लागतं. ते आम्ल फिल्मची झीज आणखी वाढवतं आणि वाफ शेजारच्या रिळांनाही लागते. फिल्म आकसते, वाकते. अशी फिल्म जुन्या प्रोजेक्टरवर चढवली तर दातेरी चाकांचं आणि छिद्रांचं अंतर जुळत नाही आणि ती फाटते.

मोह मात्र प्रोजेक्टर लावायचाच होता. आत काय आहे ते त्या रात्रीच पाहावं असं कुणालाही वाटलं असतं. दिग्दर्शिकेने तो टाळला. वास येणारी रिळं तिने वेगळी काढली. बाकीच्या डब्यांत आम्लतामापक पट्ट्या ठेवल्या. या पट्ट्या निळ्या असतात आणि आम्ल वाढेल तशा हिरव्या, मग पिवळ्या होतात. त्यांच्या रंगावरून आधी काय स्कॅन करायचं याचा क्रम ठरला.

स्कॅनसाठी दोन रस्ते होते. गल्लीतल्या व्हिडिओवाल्याकडे स्वस्तात काम होतं, पण तिथे बहुधा पडद्यावरचं चित्र कॅमेऱ्याने पुन्हा टिपतात, कडा कापतात, रंग आपोआप ‘सुधारतात’ आणि वेग वाढवतात. दुसरा रस्ता दातेरी चाकं नसलेल्या यंत्रावर चौकट-चौकट स्कॅन करण्याचा. त्यासाठी पैसे पुरे नव्हते. थोडी रिळं अतिशय उच्च दर्जाची करून घ्यायची की सगळी मध्यम दर्जाची, हा प्रश्न आला. तिने सगळी रिळं मध्यम दर्जात, पण ओव्हरस्कॅन करून घेतली. म्हणजे चित्राच्या बाहेरची कड, छिद्रं, फिल्मवर छापलेली चिन्हं, सगळं स्कॅनमध्ये आलं.

हा निर्णय तेव्हा केवळ नोंदणीच्या सोयीसाठी घेतला होता. कोडॅक फिल्मच्या कडेला वर्षागणिक वेगळी चिन्हं छापत असे: वर्तुळं, चौकोन, त्रिकोण यांच्या जुळण्या. त्यावरून फिल्म कधी बनली ते कळतं. तीच जुळणी वीसेक वर्षांनी परत येते आणि ती चित्रीकरणाची तारीख सांगत नाही, म्हणून धरणाची उंची, जीपची पाटी, मुलांची वयं यांच्याशी ती ताडून पाहावी लागते. तसं करून आम्ही रिळं साधारण १९५९ ते १९६७ या काळात क्रमाने लावली.

पण ओव्हरस्कॅनने दुसरंच काही हाती दिलं. आठ मिलिमीटरच्या कॅमेऱ्यात फिल्मवर जेवढं चित्र उमटतं, त्यापेक्षा प्रोजेक्टरची खिडकी जराशी लहान असते. पडद्यावर चारही बाजूंनी थोडं चित्र कापलं जातं. स्कॅनमध्ये ते कापलेलं चित्र परत आलं, आणि रिळामागून रिळात त्या कडेवर एक दहा-अकरा वर्षांची मुलगी दिसू लागली. हातात तांब्या, कडेवर साहेबांचं बाळ, कधी नुसताच परकराचा घेर. वाढदिवसाच्या दृश्यात ती दाराच्या चौकटीला टेकून उभी आहे आणि क्षणभर सरळ कॅमेऱ्यात पाहते.

अडचण

दिग्दर्शिकेचा चित्रपट त्या मुलीभोवती उभा राहू लागला. तिने चौकटीची कड मोठी केली, दाणे फुटेपर्यंत मोठी केली, आणि बंगल्यातलं सगळं सुखी जग मागे ढकलून त्या मुलीला मध्यभागी आणलं. कॅमेऱ्यात पाहण्याचा तो क्षण तिने चौपट संथ केला. शेवट भूकंपाचा. कच्चं संकलन बावीस मिनिटांचं झालं आणि ते खरोखर देखणं होतं.

त्याच सुमाराला एका संस्थेने पूर्णत्वासाठी मदत देऊ केली, आणि फूटेज कुणाचं, वापरायचा अधिकार कसा मिळाला, हे कागदोपत्री मागितलं. इथे तीन वेगवेगळे प्रश्न आहेत हे स्पष्ट झालं. बाजारातून घेतलेली वस्तू तिची होती. त्या वस्तूवरच्या चित्रांचा हक्क तिचा नव्हता. आणि त्या चित्रांत दिसणारी माणसं तर यांपैकी कुणाचीच नव्हती.

कायद्याची बाजू नीट सांगायला हवी, कारण या क्षेत्रात ‘साठ वर्षं झाली, आता सगळं मोकळं’ असं सर्रास म्हटलं जातं. कॉपीराइट अधिनियम १९५७ नुसार चित्रपटाचा हक्क तो *प्रकाशित* झाल्याच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं राहतो. घरगुती फिल्म कधी प्रकाशितच झालेली नसते, त्यामुळे तिची साठ वर्षं मोजायला सुरुवातच होत नाही. हक्क ती काढणाऱ्याकडे आणि त्याच्यामागे वारसांकडे. चित्रपटात धरणावरच्या सरकारी वार्तापटाचा एक तुकडाही होता. त्याचं उलट: ते सिनेमागृहांत दाखवलं गेलं ती तारीख ठाऊक असते, म्हणून १९६१ सालचं वार्तापट २०२१ संपताच मोकळं झालं. म्हणजे ज्या फिल्मला सगळे बेवारस समजत होते तिला धनी होता, आणि ज्या वार्तापटावर सरकारी शिक्का होता ते सगळ्यांचं झालेलं होतं.

विचारात घेतलेले पर्याय

पहिला पर्याय, ‘सापडलेलं फूटेज, मूळ अज्ञात’ असं लिहून पुढे जाणं. जगभर अनेक कलावंत असं करतात. दिग्दर्शिकेचा कल सुरुवातीला इकडेच होता आणि तिचं म्हणणं उथळ नव्हतं. नाव कळलं की प्रेक्षक एका कुटुंबाची गोष्ट पाहू लागतो, आणि तिला त्या काळातल्या कुठल्याही बंगल्याची गोष्ट सांगायची होती. अनामिकता हा तिच्या कलेचा भाग होता.

दुसरा, कलम ३१-क खाली परवाना मागणं. हक्कधारक सापडत नसेल तर कायद्याने ही सोय ठेवली आहे. त्यासाठी देशाच्या मोठ्या भागात खप असलेल्या इंग्रजी दैनिकात जाहीर सूचना द्यावी लागते, आणि २०२१ मध्ये बौद्धिक संपदा अपील मंडळ बरखास्त झाल्यापासून अर्ज न्यायालयात जातो. एकट्या कलावंताला हा खर्च आणि वेळ झेपत नाही. शिवाय ‘सापडत नाही’ म्हणायला आधी शोधावं लागतं, आणि तोपर्यंत कुणी शोधलंच नव्हतं.

तिसरा, कुटुंबाचा शोध. मी याच बाजूने आग्रह धरला. झाकणावर प्रकल्पाचं नाव आहे, जीपची पाटी वाचता येते, पाटबंधारे खात्यातल्या निवृत्त मंडळींचा एकमेकांशी संपर्क असतो. अशा स्थितीत मूळ ‘अज्ञात’ लिहिणं मला पटत नव्हतं.

कुटुंब

शोध अपेक्षेपेक्षा लवकर लागला. दोन-तीन निवृत्त अभियंत्यांना दृश्यं दाखवल्यावर साहेबांचं नाव कळलं. ते हयात नव्हते. मुलगा पुण्यातच होता, सत्तरीच्या जवळ. वडिलांची पेटी बाजारात विकली गेली हे त्यांना ठाऊकच नव्हतं. फ्लॅट रिकामा करताना कंत्राटदाराच्या माणसांनी माळा साफ केला होता.

पहिली भेट अवघड गेली. ‘आमच्या बाबांची रिळं आहेत, आम्हाला परत द्या,’ एवढंच ते म्हणत राहिले. दिग्दर्शिकेने विकत घेतल्याची गोष्ट काढलीच नाही. तिने सगळ्या स्कॅनची प्रत असलेली हार्ड डिस्क त्यांच्यापुढे ठेवली आणि म्हणाली, ‘काका, आधी हे बघा. करार वगैरे नंतर बोलू.’ त्यांनी बहिणीला फोन लावला आणि दोघांनी मिळून रिळं पाहिली. आठवड्याभराने त्यांनी स्वतःहून बोलावलं.

करार दोन पानांचा झाला. फूटेज फक्त या चित्रपटासाठी, जाहिरातीला किंवा इतर कुणाला तुकडे विकायचे नाहीत, मूळ रिळं चित्रपट होईपर्यंत दिग्दर्शिकेकडे, नंतर ती कुठे ठेवायची ते दोघांच्या संमतीने. कुटुंबाला नको असलेली दृश्यं काढायचा अधिकार. त्यांनी तो एकदाच वापरला: मुलांच्या आंघोळीचं एक दृश्य काढायला सांगितलं. ते योग्यच होतं.

मग त्यांना कच्चं संकलन दाखवलं. मुलाने विचारलं, ‘ही मुलगी कोण?’ ही रिळं त्यांच्या घरी दर दिवाळीला भिंतीवर लागत असत, आणि इतक्या वर्षांत ती त्यांना दिसली नव्हती. प्रोजेक्टरच्या खिडकीने तिला कापलं होतं. बहिणीला मात्र आठवलं: वसाहतीतल्या माळीकाकांची मुलगी, घरात वरकामाला होती. तिचं पाळण्यातलं नाव आठवलं आणि ती कुठल्या गावची म्हणायची तेही. ते गाव धरणात गेलं होतं.

ज्यावर सगळं अवलंबून होतं तो निर्णय

कागद आता पुरे झाले होते. हक्कधारकांची सही होती, संस्था समाधानी होती. दाखवायला कायदेशीर अडसर नव्हता. पण ज्या बाईचा चेहरा पडद्यावर वीस फूट मोठा होणार होता तिला यातलं काहीच माहीत नव्हतं.

चेहरा धूसर करावा असं एकाने सुचवलं. त्याने चित्रपटच गेला असता, आणि साठ वर्षांनी पहिल्यांदा चौकटीत आलेल्या मुलीला पुन्हा पुसून टाकल्यासारखं झालं असतं. ‘ही मुलगी कोण ते माहीत नाही’ अशी ओळ शेवटी टाकावी, हा दुसरा विचार. पण नाव आणि गाव कळल्यावर ती ओळ खोटी ठरली असती. दिग्दर्शिका या टप्प्यावर बराच काळ थांबली. तिला भीती वाटत होती की ती बाई ‘नको’ म्हणेल. मला ही भीती महत्त्वाची वाटते, कारण अशा प्रकल्पांत शोध न घेण्याचं खरं कारण पुष्कळदा हेच असतं आणि ते उच्चारलं जात नाही. तिने ते उच्चारलं आणि मग ठरवलं की शोधायचं.

कोयनेच्या बुडीत गावांतली माणसं सातारा, सांगली, सोलापूर, रायगड, ठाणे, रत्नागिरी अशा जिल्ह्यांत विखुरली. प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा पहिला कायदा महाराष्ट्रात १९७६ साली आला. ही माणसं त्याच्या कितीतरी आधी उठवली गेली. पण गावांनी नावं आणि देव सोबत नेले. त्यामुळे त्याच नावाची नवी वस्ती शोधणं शक्य होतं. अशाच एका वस्तीत, देवळाच्या ओट्यावर म्हाताऱ्या माणसांना पाळण्यातलं नाव सांगितल्यावर त्यांनी लग्नानंतरचं नाव सांगितलं आणि दुसऱ्या तालुक्यातलं घर दाखवून दिलं.

काय दाखवायचं यावर जाण्याआधी आमची चर्चा झाली. कच्चं संकलन दाखवलं की समोरचा माणूस चित्रपटाविषयी बोलतो, आवडला-नावडला सांगतो. शिवाय तो संथ केलेला चेहरा पाहून बाई बिचकल्या असत्या. आम्ही फक्त कच्ची रिळं न्यायचं ठरवलं, विनासंकलन, मूळ वेगात, आवाजाशिवाय. या प्रकल्पातला सर्वांत चांगला निर्णय कुठला असं विचारलं तर मी हाच सांगेन.

मावशींनी (दिग्दर्शिका त्यांना मावशीच म्हणते) लॅपटॉपवर स्वतःला पाहिलं. ‘मीच हाय ती,’ म्हणाल्या, आणि पुढे बघत राहिल्या. त्यात त्यांना विशेष काही वाटलं नाही. दिग्दर्शिकेने वाढदिवसाचं दृश्य थांबवून विचारलं, ‘मावशी, इथं तुम्ही कॅमेऱ्याकडे अशा का बघत होता?’ चित्रपटात तिने त्या नजरेला एक मूक जाब मानलं होतं. मावशी म्हणाल्या, ‘बाईसायेब सांगायच्या, मशीन सुरू झाली की बाजूला हो. म्हणून बघत हुते, येवढं सरकलं तर पुरं का आनि सरकू.’

त्या मुलीने दर वेळी आपण दिसणार नाही अशी जागा अंदाजाने निवडली होती, आणि पडद्यापुरता तिचा अंदाज बरोबर होता.

पण खरी गोष्ट पुढच्या रिळात झाली. नदीकाठी सहल, चादरीवर डबे, साहेबांची मुलं पाण्यात. आम्ही ते रीळ बाजूला ठेवलं होतं, कारण त्यात ती मुलगी नव्हती. मावशी एकदम पुढे सरकल्या आणि पडद्यावर बोट ठेवलं. सहलीच्या मागे, वरच्या कोपऱ्यात, एक कौलारू देऊळ, पार आणि उतारावर काही घरं. कॅमेरा वळताना तीन-चार सेकंद दिसतात. ‘ह्ये आमचं गाव,’ त्या म्हणाल्या. ‘ह्यो पार. त्याच्या वरल्या अंगाला आमचं घर.’ मग घरातल्या सगळ्यांना हाका मारून बोलावलं.

भूकंपाचं रीळ त्यांनी शांतपणे पाहिलं आणि म्हणाल्या, ‘भूकंपाचं समद्यांनी दावलं. पेपरात आलं, पुढारी आलं. आमचं गाव बुडालं तवा कोन मशीन घिऊन आलं हुतं का?’

काय केलं

चित्रपट जवळजवळ नव्याने जुळवला. भूकंपाचा शेवट गेला. तो जाऊ देणं दिग्दर्शिकेला जड गेलं, कारण घरगुती फिल्मकारांची भूकंपानंतरची दृश्यं दुर्मीळ असतात आणि शेवटासाठी ती तयार मिळालेली होती. ती आता मध्यावर, थोडकीच येतात. सहलीचं रीळ पूर्ण लांबीने ठेवलं, चार मिनिटं, एकही काप न घालता. आठ मिलिमीटरचं पन्नास फुटी रीळ सेकंदाला सोळा चौकटींच्या वेगाने तेवढंच चालतं. त्यावर मावशी आणि त्यांच्या चुलतभावाचा आवाज आहे: कुठलं घर कुणाचं, पाराखाली कोण बसायचं, पाणी कुठवर आलं तेव्हा कोण निघालं. प्रेक्षकाला आधी सहलच दिसते. मग आवाज ऐकून तो मागे पाहू लागतो.

कॅमेऱ्यातली नजर राहिली, पण संथ केलेली नाही. मूळ सोळा चौकटींचा वेग चोवीसवर नेताना दर दुसरी चौकट दोनदा दाखवली, एवढंच. पार्श्वसंगीत काढलं. पाण्याचा आवाज घालायचा विचार होता तोही सोडला. मूक फिल्मला नंतर आवाज चिकटवण्याविरुद्ध माझं तत्त्वतः काही नाही; इथे मात्र पाणी ऐकू आलं की ते भावना उकळायला वापरल्यासारखं वाटत होतं.

वार्तापटाचा प्रश्न वेगळाच निघाला. हक्क संपला होता, पण चांगली प्रत ज्यांच्याकडे आहे त्यांच्याकडूनच ती घ्यावी लागते, आणि प्रतीसाठी पैसे पडतात. सरकारी वार्तापटं बनवणारं फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली स्थापन झालं, २०२२ साली ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. फूटेजची मागणी आता तिकडे करावी लागते. इंटरनेटवरची अंधूक प्रत फुकट होती. दिग्दर्शिकेने पैसे भरून चांगली प्रत घेतली, पण लांबी कमी केली. निवेदकाच्या आवाजासकट तुकडा जसाच्या तसा ठेवावा असा माझा आग्रह होता. त्या भारदस्त आवाजाची खिल्ली उडवणं फार सोपं आहे. पण धरणाच्या भिंतीकडे अभिमानाने पाहणारी माणसं तेव्हा खरोखर होती. साहेब त्यांच्यातलेच एक होते, आणि मावशींचे वडीलही त्याच भिंतीवर मजुरी करून मग माळी झाले होते.

मावशींना मानधन दिलं, साक्षीदार म्हणून नव्हे, निवेदन आणि स्थळांची ओळख या कामाबद्दल. श्रेयनामावलीत त्यांनी माहेरचं नाव आणि बुडालेल्या गावाचं नाव लिहायला सांगितलं. तसंच आहे.

परिणाम

चित्रपट एकतीस मिनिटांचा झाला. पहिला खेळ पुनर्वसित वस्तीच्या समाजमंदिरात लावला, साहेबांचा मुलगा आणि मुलगी दोघंही आले होते. सहलीचं रीळ लोकांनी पुन्हा लावायला लावलं, आणि पुन्हा. कुणीतरी उठून पडद्याजवळ गेलं आणि घरं मोजू लागलं. पार कुठल्या बाजूला होता यावर दोन म्हाताऱ्यांचा चांगलाच वाद झाला. साहेबांची मुलगी मावशींशेजारी बसली होती. मुलाने मला नंतर सांगितलं की बाबांनी ते गाव मुद्दाम टिपलं असेल की नकळत आलं असेल, हे त्यांना कळत नाही आणि आता कळणारही नाही.

महोत्सवांतला प्रवास मध्यम राहिला. काही ठिकाणी निवडला गेला, काही ठिकाणी ‘शेवट विखुरलेला आहे’ म्हणून नाकारला गेला. आधीच्या संकलनाला कदाचित जास्त दारं उघडली असती. दिग्दर्शिकेला हे मान्य आहे आणि तिने शेवट बदललेला नाही.

एक पेच मात्र अनपेक्षित निघाला. खेळानंतर लगेच वस्तीतल्या तरुणांनी सहलीचं दृश्य मोबाइलवर मागितलं. गावाचं एवढं एकच चालतं चित्र होतं, मागणी अगदी रास्त होती. पण कराराप्रमाणे सुटे तुकडे कुणालाच देता येत नव्हते. कुटुंबाची वेगळी परवानगी घेण्यात बरेच आठवडे गेले. मुलगा तयार होता, परदेशातल्या एका नातेवाइकाला बंगल्यातली माणसं असं फिरायला नको होती. शेवटी सहलीच्या रिळातला गावाचा भाग तेवढा, स्थिरचित्रांसह, वस्तीला दिला. मधल्या काळात लोकांना वाटत राहिलं की आपलंच गाव आपल्याला मागून घ्यावं लागतंय.

काय वेगळं करता आलं असतं

कुटुंबाचा शोध संकलनाच्या आधी घ्यायला हवा होता. एवढं देखणं संकलन तयार झाल्यावर शोध घेतला की प्रत्येक नवी माहिती अडथळा वाटू लागते. दिग्दर्शिकेने ती ओढ मोडून काढली, पण त्यात अर्धं वर्ष आणि मदतीचा मोठा हप्ता खर्ची पडला. स्कॅननंतर लगेच शोध सुरू झाला असता तर सहलीचं रीळ पहिल्यापासून टेबलावर असतं.

करारात फूटेजमध्ये दिसणारी माणसं आणि ठिकाणं यांच्यासाठी स्वतंत्र कलम हवं होतं. मी आता प्रत्येक मसुद्यात ते घालतो: दृश्यात दिसणारी व्यक्ती, तिचे वारस किंवा त्या गावचे लोक यांना त्यांच्याशी संबंधित भागाची प्रत विनाशुल्क मिळेल, आणि त्यासाठी हक्कधारकाची वेगळी संमती लागणार नाही. सही करताना बहुतेक कुटुंबं याला हसतमुखाने हो म्हणतात. नंतर विचारलं की अवघड होतं.

नोंदणीची पद्धतही बदलली. आम्ही रिळांचं वर्णन ‘सहल, नदीकाठ, मुलं’ असं लिहिलं होतं, म्हणजे चित्रीकरण करणाऱ्याने जे पाहिलं तेच आम्ही पाहिलं. आता नोंदपत्रात मागे काय दिसतं आणि कडेला कोण आहे यासाठी स्वतंत्र रकाने आहेत. ते भरायला वेळ लागतो, आणि भरणारा त्या भागातला असेल तर नोंद फारच वेगळी होते.

आधी अनामिक ठेवायचा विचार चुकीचा होता का? सरसकट तसं मी म्हणणार नाही. ज्या फूटेजचा धागा खरोखर कुठेच पोचत नाही, तिथे ‘अज्ञात’ हा प्रामाणिक शब्द आहे. इथे धागा झाकणावर पेन्सिलीने लिहिलेला होता.

मूळ रिळांचं काय करायचं ते अजून ठरलेलं नाही. कुटुंबाला ती घरी हवी आहेत, पण थंड आणि कोरडी जागा त्यांच्याकडे नाही. वस्तीतल्या काहींचं म्हणणं की निदान सहलीचं रीळ संग्रहालयात जावं आणि नोंदीत गावाचं नाव असावं. दोन डब्यांतल्या पट्ट्या मागच्या तपासणीत हिरव्याच्या पुढे पिवळ्याकडे सरकल्या आहेत, त्यामुळे हा निर्णय येत्या उन्हाळ्याआधी व्हायला हवा. सहलीचं रीळ त्या दोन डब्यांपैकी एकात आहे.